चाड्यावरची मूठ

मे २०२४ चा शेवटचा आठवडा. अकोल्यात पारा ४५ अंशांच्या वर जाऊन बसला होता आणि उतरायचं नाव घेत नव्हता. जिल्हा प्रशासनानं कलम १४४ लावलं. एरवी दंगलीच्या वेळी कानावर पडणारं कलम उन्हासाठी लागलं, म्हणून लोकांनी चहाच्या टपरीवर विनोदही करून घेतले. कामगारांना सावली द्या, पाणी द्या, शिकवण्यांच्या वेळा बदला, असा तो आदेश होता. आणि त्याच दिवसांत, त्याच शहरात, कृषी केंद्रांपुढे कास्तकारांच्या रांगा लागल्या होत्या. डोक्याला दुपट्टे, हातात पाण्याच्या बाटल्या, खिशात आधारची झेरॉक्स. बायाही होत्या. सगळ्यांना कपाशीच्या एका ठरावीक वाणाचं बियाणं पाहिजे होतं. तेच, दुसरं नको.

दुसरं भरपूर होतं. तेही बीटीच, तेही सरकारनं बांधून दिलेल्या ८६४ रुपयांच्याच दराचं. कृषी खात्याची माणसं सांगून थकली की बोंडअळीपासून राखणारी दोन जनुकं सगळ्याच वाणांत तीच आहेत, एकाच वाणाच्या मागे लागू नका. खरं होतं ते. रांग मात्र हलली नाही.

रांगेत माझा चुलतभाऊ होता. मी नोकरीमुळे अमरावतीकर झालो. मूर्तिजापूरकडचं आमचं वावर तोच पाहतो. वयानं मोठा म्हणून मी त्याला दादा म्हणतो, तो मला बापू. संध्याकाळी फोनवर विचारलं, तेच वाण काऊन पाहिजे म्हणून. त्यानं उत्तर तयारच ठेवलेलं होतं. बोंड मोठं राहते, वेचाले हलकं जाते, मजूर मिळत नाही तं वेचाई महत्त्वाची. पटण्यासारखंच होतं सगळं. मग मी सहज विचारलं, मागच्या साली कसं पिकलं? क्षणभर तो थांबला. "मागच्या साली तं दुसरं होतं ना आपलं. तेबी बरंच पिकलं म्हना." म्हणजे ज्या बोंडाचं वर्णन त्यानं मला केलं, ते त्याच्या वावरात कधी लागलंच नव्हतं.

तो खोटं बोलत नव्हता. हे समजून घ्यायला मला वावराबाहेर जावं लागलं. १९७७ साली रिचर्ड निस्बेट आणि टिमोथी विल्सन या दोन अमेरिकी मानसशास्त्रज्ञांनी एक निबंध लिहिला. त्यातला एक प्रयोग दुकानातला आहे. टेबलावर बायकांच्या पायमोज्यांचे चार जोड मांडले आणि येणाऱ्या गिऱ्हाइकांना विचारलं, यातला सगळ्यात चांगला कोणता? चारही जोड अगदी एकसारखे होते, पण हे कुणाला सांगितलेलं नव्हतं. सगळ्यात जास्त लोकांचा कल सगळ्यात उजवीकडच्या जोडाकडे गेला. सगळ्यात डावीकडच्यापेक्षा जवळजवळ चौपट. का निवडला म्हणून विचारल्यावर लोकांनी वीण सांगितली, पोत सांगितला, टिकाऊपणा सांगितला. उजवीकडे होता म्हणून घेतला असेल का, असं सुचवल्यावर जवळपास सगळ्यांनी ते उडवून लावलं. निवड एका वाटेनं झाली होती, कारण दुसऱ्याच वाटेनं आलं होतं, आणि ज्याची निवड त्यालाच या दोन वाटांची दाद नव्हती.

अकोल्यातल्या रांगेचं खरं कारण रांग हेच होतं. कुणी कुणाच्या धुऱ्यावरून पाहिलं होतं, कुणी साळ्याकडून ऐकलं होतं, आणि तुटवडा आहे म्हटल्यावर बाकीच्यांचे पाय आपोआप तिकडे वळले. यात मूर्खपणा आहे असं मला वाटत नाही. सारखी जमीन, सारखा पाऊस असलेल्या शेजाऱ्याचं पाहून पेरणं ही वऱ्हाडातल्या कास्तकाराची शेकडो वर्षांची रीत आहे, आणि पुष्कळदा ती सरकारी पत्रकापेक्षा जास्त खरी ठरते. गंमत एवढीच, की "सारे घेऊन राह्यले म्हणून घेतो" हे दादा म्हणाला नाही. ते त्याला स्वतःच्या तोंडून ऐकवलं नसतं. म्हणून बोंड मोठं झालं.

शहरात बसून यावर हसणं सोपं आहे. माझ्या ओळखीचे एक प्राध्यापक शेतकऱ्यांच्या या मेंढरपणाबद्दल फार पोटतिडकीनं बोलतात. त्यांनी स्वतःच्या मुलीला अकरावीला कोणत्या शिकवणीत घातलं आणि का, ते मी विचारत नाही.

अंतर्मन म्हटलं की आपण अंधारी खोली, दडपलेल्या वासना, असलं काहीतरी डोळ्यांपुढे आणतो. मी ते पहिल्यांदा पाहिलं ते भर उन्हात, चाड्यावर. आमच्याकडे तेव्हा ज्वारी बरीच असायची आणि ती तिफणीनं पेरायचे. तिफणीच्या तीन फणांना तीन नळ्या, नळ्यांच्या वर लाकडी वाटीसारखं चाडं, आणि चाड्यावर मूठ धरणारं माणूस. आमच्या घरी हा मान मोठ्या मायचा, म्हणजे दादाच्या आईचा. ओटीत बियाणं, डाव्या हाताचा आधार, आणि उजवी मूठ चाड्यावर. मुठीतून दाणे सुटत राहायचे. बैल पाय उचलून चालले की जरा जास्त, रेंगाळले की जरा कमी, वळणावर मूठ बंद. पुढे आठवड्यानं ज्वारी वर आली की गाव धुऱ्यावर उभं राहून निकाल वाचायचं: कुठे दाट झाली, कुठे खाडे पडले, कुणाची मूठ चांगली. मोठ्या मायच्या तासांत खाडा शोधावा लागायचा.

एकदा मी तिच्या बाजूनं चालत चालत विचारलं, की एका मुठीत किती दाणे असतात आणि किती सोडायचे हे तुले कसं कळते? ती हसली. मग मला सांगायचं म्हणून स्वतःच्या हाताकडे पाहत दोन-चार पावलं चालली, आणि तेवढ्यातच दाणे गचक्यानं पडले. "तू बोलू नोको बाप्पा. पाह्यलं का मूठ चुकते."

पाहिलं की मूठ चुकते. सायकल, पेटी, तबला, स्वयंपाकातलं मीठ, सगळ्यांचं हेच आहे. जे हाताला येतं ते डोक्याच्या देखरेखीखाली येत नाही. मोठी माय शाळेत गेली नव्हती. बैलांची चाल, ओलीचा अंदाज, दाण्याचं वजन, नळीचा आवाज यांचा जो हिशेब तिची मूठ करत होती तो तिला कागदावर मांडता आला नसता, आणि मांडता आला असता तर बहुधा करता आला नसता. म्हणून अंतर्मनाला अडाणी समजणाऱ्या माणसावर माझा विश्वास बसत नाही. आपल्या आयुष्यातलं पुष्कळसं चांगलं काम तेच करतं आणि सहीला आपण जातो.

अडचण अशी, की भीतीही त्याच घरात राहते.

पूर्णेच्या खोऱ्यातला आमचा भाग खारपाणपट्टा. विहीर खणली तर खारं पाणी लागतं, पिकाला देता येत नाही, प्यायला तर नाहीच. त्यामुळे खरीप म्हणजे सगळा आभाळाचा खेळ. मृग साधारण ७ जूनला लागतो, पाऊस विदर्भात स्थिरावायला जूनचा मध्य उलटतो. ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस झाल्याशिवाय पेरणी करू नका, हे कृषी विद्यापीठ दरवर्षी सांगतं. हा सल्ला दादाला माहीत नाही असं नाही. तो स्वतः तो मोबाइलवर इतरांना पाठवतो, खाली हात जोडल्याचं चित्र टाकून.

मग एक दिवस संध्याकाळी चांगली सर येते. काळी माती वास सोडते. रात्री झोप लागत नाही. पहाटे धुऱ्यापलीकडून ट्रॅक्टरचा आवाज येतो. बस. पंच्याहत्तर, शंभर, मिलिमीटर, सगळं त्या आवाजात वाहून जातं. शेजाऱ्याची पेरणी झाली आणि आपली राहिली, त्याचं बी लागलं आणि आपलं वावर काळंच राहिलं, ही कल्पना सहन होत नाही. पेरलं आणि पावसानं दडी मारली, तर निदान सगळ्यांचंच गेलं. एकट्यानं थांबून चुकण्यापेक्षा सगळ्यांबरोबर घाई करून चुकलेलं बरं, असा तो आतला हिशेब असावा; पण तो कधी शब्दांत येत नाही. शब्दांत येतं ते असं: "ओल चांगली होती. मी हातात घेऊन पाह्यली ना." त्यानं खरंच पाहिली होती. मातीचा लाडू वळून, दाबून, फोडून. हाताला ओल कळते, यात शंका नाही. पण त्या पहाटे हातानं साक्ष दिली ती घाईच्या बाजूनं. भीतीला आपल्या नावानं बोलायची लाज वाटते, म्हणून ती अनुभवाचा सदरा घालून येते.

पुढे बी अंकुरतं, दोन पानांवर येतं, आणि ऊन पडतं. दुबार पेरणी.

याच भीतीनं आमच्या भागाला भेंडवळ दिलं आहे. बुलढाणा जिल्ह्यातल्या जळगाव जामोद तालुक्यातलं हे गाव. अक्षय्य तृतीयेच्या संध्याकाळी तिथे एका शेतात घटमांडणी होते. गोलात अठरा धान्यं मांडतात. मधल्या खड्ड्यात चार ढेकळं, पावसाच्या चार महिन्यांची. त्यावर पाण्याची घागर, तिच्यावर पुरी-पापड, सांडोई-कुरडई, बाजूला पानविडा. रात्रभर तिथे कुणी फिरकत नाही. दुसऱ्या दिवशी पहाटे दाणे कुठे सरकले, ढेकूळ किती भिजलं, पुरी जागेवर आहे का, यावरून पाऊस कसा, तूर कशी, कपाशीला भाव कसा, राजाचं कसं, हे सांगतात. अकोला-अमरावतीकडच्या गावांतही त्या सकाळी ही भाकणूक पोचलेली असते. विज्ञानाच्या कसोटीवर हे टिकत नाही, आणि अंधश्रद्धा निर्मूलनवाले दरवर्षी ते सांगतात, तेही योग्यच.

पण मी गावात एक गोष्ट वर्षानुवर्षं पाहत आलो आहे. भाकणूक सगळे ऐकतात, पारावर दोन दिवस चर्चा करतात, आणि पेरतात मात्र जे पेरायचं तेच. कपाशी कमी येईल असं सांगितलं म्हणून कुणी कपाशीचं एक तास कमी केलेलं मला आठवत नाही. मग ऐकतात कशाला? मलिनोव्स्की हा मानववंशशास्त्रज्ञ पहिल्या महायुद्धाच्या काळात ट्रोब्रिआंड बेटांवर राहिला होता. त्यानं नोंदवलं, की तिथले कोळी शांत खाजणात मासे मारायला जाताना मंत्रतंत्र करत नाहीत. उघड्या समुद्रात जाताना मात्र साग्रसंगीत विधी करतात. जिथे हात पुरतो तिथे मंत्र लागत नाही. आमच्याकडे मेच्या उन्हात, पैसे संपलेले, बँकेचं पीक-कर्ज अजून हातात नाही, ढग कुठेच नाहीत, अशा वेळी कुणीतरी ठाम आवाजात सांगतं की जुलैत पाऊस चांगला आहे. तेवढ्यानं त्या रात्री झोप येते. भेंडवळच्या भाकणुकीचा उपयोग पेरणीला होत नाही, झोपेला होतो. एवढं मान्य केलं तर तिच्यावर रागावायचं फारसं कारण उरत नाही. पण भाकणुकीवर सट्टा लावणाऱ्यांचं काय करायचं, हा प्रश्न उरतोच.

भीती तरी दिसते. न दिसणारी, कसलाही आवाज न करणारी एक निवड आमच्या भागानं काही वर्षं केली, आणि तिची किंमत मोठी होती.

बीटी कपाशीला देशात परवानगी मिळाली मार्च २००२ मध्ये. दोन जनुकांचं बियाणं २००६ मध्ये आलं. त्या काळात ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅमचं एक छोटं पाकीट मिळायचं, बिगर-बीटीचं. ते बीटीच्या भोवती पेरायचं, पाच ओळी किंवा एकूण क्षेत्राच्या वीस टक्के, यातलं जे जास्त असेल तेवढं. कारण असं: बीटीच्या झाडावर जी अळी मरत नाही ती त्या विषाला पुरून उरलेली. तिचे पतंग आपापसातच जुळले तर पुढची सगळी पिढी तशीच चिवट निपजेल. भोवतीच्या साध्या कपाशीवर साध्या, मरू शकणाऱ्या अळ्या वाढू दिल्या, तर त्यांचे पतंग या चिवट पतंगांशी जुळतात आणि चिवटपणा पातळ होत जातो. गुलाबी बोंडअळी आपल्याकडे जवळजवळ कपाशीवरच जगते, त्यामुळे तिच्यासाठी हे कुंपण फारच गरजेचं.

आता हे पाकिटावर छापलेलं होतं. सभांत सांगितलं जात होतं. आणि ते छोटं पाकीट बहुतेकांनी कुठे टाकलं, तर धुऱ्यावर. आमच्याही धुऱ्यावर पावसात भिजून उकललेली ती पाकिटं मी पाहिली आहेत. दादाला विचारलं तेव्हा त्याचं उत्तर मला अजून निरुत्तर करतं. "अळीले खाऊ घालाले वावर हाय का आपलं?"

याला काय सांगायचं? हिशेबानं त्याचं चूक नव्हतं. पाच ओळींचं नुकसान त्याचं, या वर्षीचं, डोळ्यांसमोरचं. फायदा सगळ्या तालुक्याचा, दहा वर्षांनंतरचा, आणि तोही काहीतरी न घडण्याचा. शिवाय पिढ्यान्‌पिढ्या ज्या हातानं अळी वेचून मारली, त्याच हातानं अळीसाठी जागा सोडायची! आपलं मन जवळचं मोठं पाहतं आणि लांबचं लहान. न घडलेली आपत्ती तर त्याला दिसतच नाही. मला वाटतं, ते पाकीट फेकताना कुणी ठरवून फेकलं नाही. घरी आणलं, मोठं पाकीट फोडलं, छोटं बाजूला ठेवलं, आणि पेरणीच्या धांदलीत ते बाजूलाच राहिलं. जगातले कितीतरी निर्णय असेच होतात. कुणी घेतलेलेच नसतात.

२०१७ च्या हंगामात गुलाबी बोंडअळी महाराष्ट्रभर फुटली. फुलं न उमलता त्यांच्या डोमकळ्या झाल्या. बाहेरून धडधाकट बोंड फोडलं की आत किडकी, पिवळी कवडी. त्याच वर्षी यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं वीसहून अधिक माणसं गेली. औषध विषारी आहे हे फवारणाऱ्याला माहीत नव्हतं का? बाटलीवर कवटी होती. पण कमरेपेक्षा उंच वाढलेल्या पऱ्हाटीत, घामानं भिजलेल्या माणसानं तोंडाला फडकं बांधून ठेवावं, हे माहिती असण्यानं होत नाही.

माहिती असणं आणि वागणं यांच्यामधल्या या खिंडीत ज्यानं उभा जन्म काढला, असा एक माणूस आमच्याच मातीत होऊन गेला. २३ फेब्रुवारी १८७६ ला अमरावती जिल्ह्यातल्या शेणगावात, परटाच्या घरी जन्मलेला डेबूजी झिंगराजी जानोरकर. बाप दारूनं गेला. माय पोराला घेऊन माहेरी दापुऱ्याला आली, मूर्तिजापूर तालुक्यात, आमच्या गावापासून फार लांब नाही. मामाच्या वावरात डेबूजी वाढला. म्हणजे लोकांचा गाडगेबाबा होण्याआधी तो याच काळ्या मातीतला कास्तकार होता, आणि मामाची जमीन सावकाराच्या कर्जात कशी जाते हे त्यानं घरात बसून पाहिलं. पोरीच्या बारशाला रिवाजाप्रमाणे दारू-मटण न देता त्यानं गोडाचं जेवण घातलं, तेव्हा जातभाईंचा रोष घेतला. १ फेब्रुवारी १९०५ ला घर सोडलं.

त्याच १९०५ साली तिकडे व्हिएन्नात फ्रॉइडचं विनोद आणि अंतर्मन यांच्या नात्यावरचं पुस्तक निघालं. एरवी जे तोंडातून निघू देत नाही ते माणूस हसता हसता बाहेर टाकतो, पहारेकरी हसण्यात गुंतला की आतलं सुटतं, असा त्याचा मुद्दा होता. बाबांना हे वाचायची सोय नव्हती आणि गरजही नव्हती. त्यांचं कीर्तन ज्यांनी ऐकलं ते सगळे पहिल्यांदा हसण्याबद्दलच सांगतात. बाबा उपदेश करत नसत, प्रश्न विचारत. अगदी लहान प्रश्न, ज्याचं उत्तर 'हो' किंवा 'नाही' इतकंच. हजारो माणसं एका सुरात उत्तर देत. मग त्याच्या पुढचा प्रश्न. पुन्हा उत्तर. असं पायरी-पायरीनं नेत नेत एका जागी सोडून देत, आणि मग माणसांना ऐकू येई की नवसाच्या बोकडाबद्दल, लग्नासाठी काढलेल्या कर्जाबद्दल, शिवाशिवीबद्दल आत्ता आपण काय बोललो. बोललं कोण? आपणच. बाबांनी तर नुसतं विचारलं. लोक हसत, आणि हसता हसता गप्प होत.

तरी मला कीर्तनापेक्षा त्याच्या आधीचा खराटा जास्त महत्त्वाचा वाटतो. बाबा गावात आले की कुणाशी बोलायचे नाहीत. खराटा घेऊन झाडू लागायचे. गटार, पार, रस्ता. त्यांना पाहून कुणी लाजून, कुणी संकोचानं, कुणी नुसतंच बाजूचा झाडतो म्हणून खराटा हातात घ्यायचं. संध्याकाळपर्यंत अर्धं गाव झाडत असायचं. का झाडतो, हे तोवर कुणालाच सांगितलेलं नसायचं. ते रात्री कीर्तनात कळायचं. आधी हात, मग कारण. अकोल्याच्या रांगेत जी गंमत घडली तीच ही, फक्त बाबांनी ती उलटीकडून वापरली. माणूस शेजाऱ्याचं पाहून करतो, आणि केलेल्याला मागून कारण जोडतो, हे त्यांनी ओळखलं होतं. मग शेजारी आपणच व्हायचं आणि जोडायला चांगलं कारण तयार ठेवायचं. पूर्णेच्या काठी ऋणमोचनला पौषात जत्रा भरते, ऋण फिटावं म्हणून लोक तिथे आंघोळ करतात. कर्ज काढू नका, पोट मारून पोरं शिकवा, हे बाबा आयुष्यभर सांगत राहिले. पण त्या जत्रेला जाऊन त्यांनी भाविकांची टिंगल केली नाही. तिथल्या चिखलात लोक घसरतात म्हणून १९०८ च्या सुमारास घाट बांधायला घेतला.

हे मी भक्तिभावानं सांगत नाही. रात्री कीर्तनात रडलेला माणूस पुढच्या जत्रेत बोकड कापायचा, हेही खरं आहे, आणि बाबांना ते माहीत होतं, म्हणून तर ते त्याच त्याच गावांना पुन्हा पुन्हा जात राहिले. २० डिसेंबर १९५६ ला वलगावजवळ पेढी नदीच्या पुलावर, अमरावतीकडे येताना, ते गेले. तेव्हाही फिरतीवरच होते. आज त्यांच्या पुतळ्यांच्या चौकांत खर्ऱ्याच्या पिचकाऱ्या पडतात. पिचकारी टाकणाऱ्याला पुतळा कुणाचा विचारा, बरोबर सांगेल.

सरकारनं बियाण्याच्या बाबतीत वेगळा मार्ग काढला. आता छोटं पाकीट नाही. ४७५ ग्रॅमच्या एकाच पाकिटात बिगर-बीटीचं बी मिसळून येतं. कोणता दाणा कोणता, हे डोळ्याला ओळखू येत नाही. दादा पाकीट फोडतो, सरकी लावतो, आणि त्याला न विचारता, न कळता, त्याच्या वावरात अळीची थोडी जागा राहते. निर्णयच काढून घेतला. शहाणपणाचंच आहे ते; नुसतं पत्रक वाटून जे झालं नाही, ते यानं निदान पेरलं तरी गेलं. फक्त हे आलं तेव्हा गुलाबी अळी दोन्ही जनुकांना पचवून बसली होती. आणि मला थोडं अवघडल्यासारखंही होतं. बाबांनी माणसाच्या नकळत त्याच्या हातात खराटा दिला, पण रात्री बसवून विचारलं, की दिवसभर हातात काय होतं तुझ्या. पाकिटवाल्यांनी ती रात्रच काढून टाकली. दादाला अजून वाटतं, नॉनबीटी बंद झाली.

उरतं ते फरदड. डिसेंबरात कपाशीचा हंगाम संपला की पऱ्हाटी उपटून टाका, पाणी देऊन पुढे ठेवू नका, तिच्यावर अळी पोसली जाते आणि पुढच्या हंगामाला उतरते, हे २०१७ नंतर दरवर्षी घसा फोडून सांगतात. हे उपटणं फार जड जातं. झाडावर हिरवी बोंडं असतात. अजून दोन क्विंटल निघतील असं दिसत असतं. जितं, लागतं झाड आपल्या हातानं उपटायचं! दादानं दोन वर्षं उपटलं नाही. शेततळं झालं होतं, पाणी होतं, त्यानं फरदड ठेवली. सांगून पाहिलं, कात्रणं पाठवली, काही उपयोग झाला नाही.

मग एका वर्षी हरभऱ्याला भाव चांगला होता. दिवाळीनंतर त्याचा फोन आला, बापू, खालचं वावर लवकर मोकळं केलं तं हरभरा साधते. डिसेंबर लागताच त्यानं पऱ्हाट्या उपटल्या, धुऱ्यावर ढीग लावला आणि हरभरा पेरला. पुढे कृषी सहायक फिरतीवर आले तेव्हा मी तिथेच होतो. त्यांनी विचारलं, लवकर काढली यंदा? दादा लगेच म्हणाला, "बोंडअळीसाठी काढली साहेब. तुमीच तं सांगतलं होतं." माझ्याकडे त्यानं पाहिलंही नाही, लपवायचं म्हणून नव्हे, त्याला हरभरा आठवतच नव्हता. सहायक खूश झाले. दादाला ढिगाशेजारी उभं करून फोटो काढला आणि कास्तकारांच्या गटावर टाकला. पुढच्या डिसेंबरात धुऱ्यापलीकडच्या दोघातिघांनी पऱ्हाट्या उपटल्या. त्यांना विचारलं तर तेही बोंडअळीचं जीवनचक्र समजावून सांगतात, अगदी बिनचूक.